मिथ्रिल : एका कल्पित धातूचा इतिहास

जो धातु पृथ्वीच्या पाठीवर कोठेंही सांपडत नाहीं त्याचा इतिहास लिहावयाचा, हें कित्येकांस चमत्कारिक वाटेल. परंतु मनुष्यानें केवळ कल्पनेनें निर्माण केलेल्या वस्तूंसही इतिहास असतो. आणि खऱ्या इतिहासांत जें शेंकडों कागदपत्रांत विखुरलेलें असतें, तें तेथें पुष्कळदां एके ठिकाणीं, स्वच्छ स्वरूपांत दिसतें. आपल्या संतवाङ्मयानें घरोघरीं पोहोंचविलेला परीस हा असाच एक पदार्थ. ग्रीक तत्त्ववेत्ता प्लेटो यानें ‘क्रिटियास’ या संवादांत अटलांटिस बेटावरील ‘ओरिकॅल्कम’ नांवाच्या धातूचें वर्णन केलें आहे. सोन्याखेरीज दुसरें कांहींही त्याहून मोलवान् नव्हतें, आणि आतां त्याचें नुसतें नांव उरलें आहे, असें तेथें म्हटलें आहे. तथापि ज्याच्यापायीं एक राज्य वैभवास चढलें आणि त्याच्याचपायीं धुळीस मिळालें, अशा कल्पित धातूचा साद्यंत वृत्तांत पाहावयाचा असेल, तर जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘मिथ्रिल’कडे वळावें लागतें.

टोल्किन (१८९२–१९७३) हे ऑक्सफर्ड येथें १९२५ पासून अँग्लो-सॅक्सन भाषेचे प्राध्यापक होते. मूळचा पिंड भाषाशास्त्रज्ञाचा. त्यामुळें त्यांनीं आधीं भाषा रचल्या आणि मग त्या बोलणारे लोक व त्यांचे देश निर्माण केले. ‘मिथ्रिल’ हा शब्दही अशाच एका रचलेल्या भाषेंतला असून त्याचा अर्थ ‘करडी चकाकी’ असा आहे. १९५४–५५ मध्यें तीन खंडांत प्रसिद्ध झालेल्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या त्यांच्या ग्रंथास वंशावळी व कालपट जोडलेले आहेत. बखरी चाळण्याची संवय असलेल्या वाचकास तेथें मुळींच परकें वाटत नाहीं.

या धातूचे गुण ग्रंथकारानें असे सांगितले आहेत: तांब्यासारखा ठोकतां येतो, कांचेसारखा उजळतां येतो, रुप्यासारखा सुंदर, पण कधीं काळवंडत नाहीं, आणि कारागिराच्या हातीं पडला म्हणजे वजनानें हलका, तरी पोलादाहून कठीण. त्या जगांत त्याचें मुख्य ठिकाण एकच, तें म्हणजे मोरिया ऊर्फ खझाद-दूम ही पर्वताच्या पोटांतील खुजांची नगरी. सोनें, रत्नें त्यांना इतरत्रही मिळत; लोखंड मिळे; परंतु त्यांच्या खऱ्या ऐश्वर्याचा पाया मिथ्रिलच होता. या खाणींची वार्ता ऐकून द्वितीय युगाच्या सुमारें ७५० व्या वर्षीं एल्फ लोकांनीं शेजारीं एरेगिऑन नांवाचें राज्य वसविलें. एरव्हीं हीं दोन कुळें एकमेकांकडे संशयानें पाहणारीं. पण येथें कारागिरीच्या प्रेमानें तीं एकत्र आलीं. मोरियाचें पश्चिमद्वार हें त्या स्नेहाचें स्मारक होय: दार घडविलें खुजा नार्वी यानें, आणि त्यावरील चिन्हें रेखाटलीं एल्फ केलेब्रिंबोर यानें. तीं चिन्हें मिथ्रिलपासून केलेल्या अशा द्रव्यानें काढलेलीं होतीं कीं, केवळ चंद्राच्या वा ताऱ्यांच्या प्रकाशांतच तीं दिसावींत.

पुढें एरेगिऑन युद्धांत नष्ट झालें. खाणी मात्र चालूच राहिल्या. शिरा जसजशा खालीं गेल्या, तसतसे खणणारेही त्यांच्या मागोमाग अंधारांत उतरत गेले. अखेर तृतीय युगाच्या १९८० व्या वर्षीं त्या खोलींत दडून बसलेला बाल्रॉग नांवाचा अग्निराक्षस जागा झाला. त्यानें राजा सहावा डूरिन यास ठार केलें. पुढच्याच वर्षीं त्याचा पुत्र नाइन मारला गेला आणि प्रजा देशोधडीस लागली. हजार वर्षांनीं, २९८९ मध्यें, बालिन यानें तेथें पुन्हां वसाहत केली. ती पांच वर्षांत समूळ नाहींशी झाली.

ही हकीकत वाचतांना इतिहासाच्या अभ्यासकास पोटोसीची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं. आजच्या बोलिव्हियांतील त्या डोंगरांत १५४५ मध्यें रुप्याचा अफाट सांठा सांपडला. १५७० नंतरच्या दशकांत तेथील मूळ रहिवाशांवर खाणींतील सक्तीची मजुरी लादण्यांत आली व असंख्य माणसें त्या बोगद्यांत खपलीं. इतकें रुपें स्पेनांत येऊनही राजा दुसरा फिलिप यास १५५७, १५७५ आणि १५९६ मध्यें सावकारांचीं देणीं थांबवावीं लागलीं. टोल्किन यांच्या डोळ्यांपुढें पोटोसी होतें असें आमचें म्हणणें नाहीं. परंतु ज्या खाणीनें राज्य उभें राहतें, तिच्यावांचून दुसरा आधारच उरला नाहीं म्हणजे तीच राज्यास गिळते, हा नियम दोन्हीकडे एकच आहे. बाल्रॉग राक्षस होता. स्पेनचा राक्षस कर्ज व महागाई या रूपानें आला, एवढाच फरक.

मिथ्रिलच्या वृत्तांताचा खरा मर्मभाग मात्र खाणींत नसून एका लहानशा चिलखतांत आहे. थोरिन या खुजांच्या प्रमुखानें तें बिल्बो नांवाच्या एका साध्या गृहस्थास दिलें. कांहीं काळ तें त्याच्या गांवाकडील वस्तुसंग्रहालयांत धूळ खात पडलें होतें. या एका चिलखताचें मोल बिल्बोच्या सबंध शायर प्रांताहून अधिक होतें! मीं हें त्याला कधीं सांगितलें नाहीं, असें गँडाल्फ म्हणतो. पण बिल्बोस तें ठाऊक असलेंच पाहिजे, अशी फ्रोडोची खात्री आहे. म्हणजे मोल जाणूनही वृद्ध बिल्बोनें तें आपल्या या तरुण आप्तास, संकटाच्या प्रवासास निघतांना, सदऱ्याखालीं घालावयास दिलें. मोरियांतील भाल्याचा घाव त्यानेंच झेलला, आणि शेवटीं घरीं परतल्यावर सारुमानची सुरीही त्याच्यावरच मोडली. ज्या धातूनें एक राज्य बुडविलें, त्यानें एक जीव दोनदां वांचविला. धातु तोच, एकानें तो सांठविण्यासाठीं खणला, दुसऱ्यानें देण्यासाठीं काढून ठेवला.

पाठचिकित्सेच्या दृष्टीनें एक गोष्ट मनोरंजक आहे. १९३७ मध्यें प्रसिद्ध झालेल्या ‘द हॉबिट’ या पूर्वग्रंथांत हें चिलखत आहे, पण ‘मिथ्रिल’ हें नांव नाहीं. तेथें तें केवळ रुपेरी पोलादाचें आहे. मोठा ग्रंथ झाल्यावर, १९६६ च्या सुधारित आवृत्तींत, टोल्किन यांनीं हें नांव मागाहून घातलें. उत्तरकालीन वैभवाचें नांव पूर्वजांच्या साध्या वस्तूस चिकटविण्याची ही तऱ्हा बखरींच्या अभ्यासकांस अपरिचित नाहीं. येथें फरक एवढाच कीं, लेखक स्वतःच आपला नंतरचा बखरकार झाला.

घरांतील तरुण मंडळी असले ग्रंथ वाचूं लागलीं म्हणजे वडिलधाऱ्यांस तो काळाचा अपव्यय वाटतो. त्यांनीं एका खऱ्या धातूचें उदाहरण लक्षांत घ्यावें. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास ॲल्युमिनियम सोन्याहून महाग होतें. १८८४ मध्यें वॉशिंग्टन येथील स्मारकस्तंभाच्या टोंकावर तें मोठ्या मानानें बसविलें गेलें. दोनच वर्षांनीं तें विजेच्या साहाय्यानें स्वस्तांत काढण्याची रीत निघाली, आणि पुढें तोच धातु आपल्या स्वैंपाकघरांतील पातेल्यांपर्यंत येऊन पोहोंचला. त्याचा एकही गुण बदलला नाहीं, बदलली ती केवळ दुर्मिळता. किंमत आणि मोल यांतील हें अंतर अर्थशास्त्राच्या पुस्तकांत कळतें. पण तें मनास लागावें यासाठीं कधीं कधीं पृथ्वीवर नसलेल्या धातूचीच गरज पडते. युद्ध संपल्यावर गिमली व त्याचे खुजे बांधव यांनीं उरलेल्या मिथ्रिलचा कोश केला नाहीं. मिनास तिरिथ या परक्या नगरीचीं मोडलेलीं दारें त्यांनीं मिथ्रिल व पोलाद यांनीं पुन्हां घडवून दिलीं. मोरियाच्या इतिहासांतून त्या जातीनें काय घेतलें, याची साक्ष त्या दारांइतकी दुसऱ्या कशानेंही मिळत नाहीं.