मनुष्यजीवनाचे प्रयोजन : महाड ते मनुरेवा

मनुष्य कशासाठी जन्मतो आणि कशासाठी जगतो, हा प्रश्न जगातील तत्त्वचिंतकांनी ग्रंथांतून हाताळला. आपल्या आजोबा-पणजोबांपुढे मात्र तो एका तळ्याच्या काठावर उभा राहिला. ज्याला सार्वजनिक पाणवठ्यावर ओंजळभर पाणी घेण्याची मुभा नाही, त्याला आत्मा आणि मोक्ष यांचा उपदेश करणे म्हणजे त्याची क्रूर थट्टा करणे होय. म्हणूनच आपल्या समाजापुरता या प्रश्नाचा विचार महाडपासून सुरू करावा लागतो.

1923 साली सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळाने संमत केला आणि सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचे धोरण ठरले. महाड नगरपालिकेनेही चवदार तळे खुले केल्याचे जाहीर केले. परंतु ते कागदावरच राहिले. 20 मार्च 1927 रोजी बाबासाहेबांनी हजारो अनुयायांसह तेथे जाऊन पाणी प्राशन केले. त्यानंतर सनातन्यांनी शेण, गोमूत्र, दूध, दही यांच्या मिश्रणाचे 108 घडे मंत्रोच्चारांसह तळ्यात ओतून ते ‘शुद्ध’ करून घेतले. जनावराच्या मलमूत्राने जे पाणी पवित्र होते, ते माणसाच्या स्पर्शाने विटाळते, असा त्या विधीचा सरळ अर्थ होता.

त्याच वर्षी 25 डिसेंबरला महाडच्या दुसऱ्या परिषदेत बाबासाहेबांनी या लढ्याचा हेतू स्पष्ट केला. त्या पाण्यावाचून आजवर आपण काही मेलो नव्हतो आणि ते प्यायल्याने अमरही होणार नव्हतो. इतरांप्रमाणे आपणही माणसे आहोत, हे सिद्ध करण्यासाठी तो संग्राम होता. त्या परिषदेची तुलना त्यांनी 1789 च्या फ्रेंच राष्ट्रसभेशी केली. न्यायालयातील वाद पुढे दहा वर्षे चालला आणि 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने आपल्या बाजूने निर्णय दिला.

महाडने प्रश्नाचा पूर्वार्ध सोडवला. चातुर्वर्ण्याने प्रत्येकाच्या जीवनाचे प्रयोजन जन्मापूर्वीच ठरवून टाकले होते. खालच्या मानलेल्या माणसाने वरच्यांची सेवा करावी आणि आपले दुःख पूर्वजन्मीच्या कर्माचे फळ समजून सोसावे, एवढेच त्याच्या वाट्याला आले होते. दुसऱ्याने नेमून दिलेले प्रयोजन नाकारणे, ही स्वतःचे प्रयोजन शोधण्याची पहिली पायरी असते. 13 ऑक्टोबर 1935 रोजी येवल्यात हिंदू म्हणून मरणार नाही, अशी घोषणा करून बाबासाहेबांनी तो नकार पूर्ण केला.

पण नकारावर आयुष्य उभे राहत नाही. त्याचा उत्तरार्ध 14 ऑक्टोबर 1956 रोजी नागपुरात लिहिला गेला. महास्थवीर चंद्रमणी यांच्याकडून धम्मदीक्षा घेऊन बाबासाहेबांनी ती लाखो अनुयायांना दिली. दुसऱ्या दिवशीच्या भाषणात त्यांनी माणूस आणि जनावर यांतील भेद सांगितला. चारा बैलालाही लागतो आणि अन्न माणसालाही. परंतु माणसाला मन आहे आणि त्या मनाचीही भूक भागवावी लागते. पोट भरण्याच्या लढ्यात सारे आयुष्य गेलेल्या समाजाला त्या दिवशी असे सांगण्यात आले की, पोट भरल्यानंतरच्या जगण्याचाही विचार तुम्ही केला पाहिजे. त्याच भाषणात प्रत्येकाने आपल्या उत्पन्नाचा विसावा भाग धम्मकार्यासाठी द्यावा, असेही त्यांनी बजावले.

‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ हा त्यांचा ग्रंथ महापरिनिर्वाणानंतर 1957 साली प्रसिद्ध झाला. जगाची उत्पत्ती सांगणे हे धर्माचे काम मानले जाते, तर जगाची पुनर्रचना करणे हे धम्माचे काम आहे, असा भेद त्यांनी त्यात केला. मालुंक्यपुत्ताने विश्वाच्या आदी-अंताविषयी विचारले, तेव्हा तथागतांनी त्याला विषारी बाण लागलेल्या माणसाचा दृष्टान्त दिला. बाण कोणी मारला, त्याची जात कोणती, याचा शोध घेत बसण्याऐवजी आधी बाण काढला पाहिजे. जीवनाचे प्रयोजन आकाशात शोधायचे नसून माणसा-माणसांतील नात्यात घडवायचे आहे, हा त्यातला बोध आपण घेतो.

आता आपण जेथे राहतो, त्या भूमीकडे पाहू. मनुरेवा हे नाव तामापाहोरे यांच्या दोर तुटून वाऱ्यावर वाहत गेलेल्या पतंगावरून पडले, असे माओरी परंपरा सांगते. येथून दक्षिणेला असलेल्या पुकेकोहे गावात एकेकाळी माओरी मुलांना सार्वजनिक जलतरण तलावात केवळ शुक्रवारी, पाणी बदलण्याच्या आधी, उतरू देत असत. महाडचे 108 घडे ज्यांनी ऐकले आहेत, त्यांना याचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाही. तेथेच 1920 च्या दशकात भारतीय आणि चिनी बागायतदारांविरुद्ध गोऱ्यांची संघटना उभी राहिली होती. आपल्या शेजारच्या पापाकुरा येथे 1959 साली डॉ. हेन्री बेनेट या माओरी डॉक्टरांना, ते माओरी आहेत म्हणून, हॉटेलच्या एका दालनात पेय नाकारण्यात आले. विद्या आणि पद मिळवूनही माणूसपण नाकारले जाते, हा अनुभव एकट्या आपल्या समाजाचा नाही.

आज आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी भाकरीची चिंता उरलेली नाही. घराचे कर्ज, नोकरीतील बढती आणि मुलांचे शिक्षण यांत वर्षे सरतात. त्यात गैर काहीच नाही. पूर्वजांनी सोसले ते यासाठीही. परंतु येथील भारतीयांच्या मेळाव्यात आडनाव विचारले गेले की आपली मुले घुटमळतात, आणि आपणही कधी विषय बदलतो. तेव्हा महाडचा पूर्वार्धही आपल्या घरी पुरता उतरलेला नाही, हे ध्यानात येते. ज्या मुलाला आपला इतिहास ठाऊक आहे, ते आडनाव सांगताना मान खाली घालणार नाही आणि वर्गातल्या माओरी वा पॅसिफिक मित्राचा अपमान मुकाट्याने पाहणारही नाही.

जीवनाचे प्रयोजन काय, या प्रश्नाला आपल्या परंपरेने दिलेले उत्तर असे आहे : स्वतःचे माणूसपण राखावे, मन सुसंस्कृत करावे आणि दुसऱ्याच्या अंगातला बाण काढण्यास हात लावावा. विसावा भाग पैशाचा असतो, तसाच तो वेळेचा आणि विद्येचाही असू शकतो. तो आपण कोठे वेचतो, यावर आपल्या येथे येण्याचा अर्थ ठरणार आहे. बहुजनहिताय, बहुजनसुखाय या शब्दांत मनुरेवाचे बहुजनही येतात.