नळाची तोटी : पाणी थांबवण्याचा इतिहास

पाण्याचा इतिहास सांगू लागलो म्हणजे आपण बहुधा पाणी आणणाऱ्यांचीच नावे घेतो. अमक्या राजाने तळे खोदले, तमक्या राणीने बारव बांधली, असे मुलांना शिकवतो. आणि ते योग्यच आहे. पण आणलेले पाणी थांबवले कसे, हे सहसा कोणी विचारीत नाही. आपल्या धाराशिवसारख्या अवर्षणाच्या मुलखात तर पाणी आणण्याइतकेच ते थांबवणेही मोलाचे. म्हणून आज नळाच्या तोटीची हकीकत सांगतो.

आधी नळदुर्गला जाऊ. तिथल्या किल्ल्यात बोरी नदीवर दगडी बंधारा आहे. तो दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात, सन १६१३ मध्ये बांधला गेला. त्याच्या पोटात पाणीमहाल आहे, आणि पावसाळ्यात नर व मादी या दोन सांडव्यांवरून पाणी धो धो कोसळते. नदी अडवायची तर सुलतानाचा खजिना हवा. आता तुळजापूरला या. गोमुख तीर्थावर पाणी गाईच्या मुखातून पडत राहते. ते बंद करायला तिथे चावी नाही. नळदुर्गला पाणी अडवले, तुळजापूरला वाहू दिले. हवे तेव्हा सोडायचे आणि नको तेव्हा अडवायचे, ही दोन्ही कामे घरच्या घरी करते ती तोटी.

तोटी तशी फार जुनी आहे. रोमन लोकांच्या शिशाच्या नळांना काशाच्या तोट्या असत. तोटीत आरपार भोक पाडलेली निमुळती खुंटी बसवलेली असे. ती पाव फेरा फिरवली की भोक नळाच्या समोर येई आणि पाणी वाही. पुन्हा फिरवली की बंद. ही युक्ती कित्येक शतके चालली. पुढे एकोणिसाव्या शतकात इंग्लंडातील शहरांत दाबाचे पाणी येऊ लागले. खुंटी झटक्यात बंद केली की पाण्याचा धक्का बसून नळ हादरत. १८४५ मध्ये रॉदरहॅम येथील एका कारखान्याने आट्यांची तोटी काढली. मूठ फिरवावी तशी तिची चकती हळूहळू खाली उतरून पाण्याच्या तोंडावर बसे. आपली वायसरची तोटी ती हीच. मुंबईला विहार तलावाचे पाणी नळाने आले ते १८६० मध्ये. गावोगावच्या प्रत्येक घरी नळ देण्याचे जल जीवन मिशन जाहीर झाले ते २०१९ मध्ये. मधली दीडशे वर्षे आपल्या आयाबहिणींनी डोक्यावरून वाहिली.

आणखी एक पाऊल अमेरिकेत पडले. १९३७ मध्ये अल्फ्रेड मोएन नावाच्या विद्यार्थ्याचे हात धुताना एकदम कढत पाणी येऊन पोळले. एकाच मुठीने गरम व गार पाणी जुळवता यावे, या खटपटीला तो लागला, आणि १९४७ मध्ये त्याचा नळ बाजारात आला. पुढे अशा नळांत पाणी अडवणारा सगळा भाग एका सुट्या नळकांड्यात बसवला जाऊ लागला. काडतुसासारखा म्हणून त्याला कार्ट्रिज म्हणतात. पुढे त्यात चिनी मातीच्या दोन गुळगुळीत चकत्या आल्या. एकीवर दुसरी पाव फेरा फिरली की भोके समोरासमोर येतात आणि पाणी सुटते. म्हणजे रोमन खुंटीचीच युक्ती नव्या रूपात परत आली, नाही का?

पण आपल्याकडे बोअरचे पाणी जड, टँकरच्या पाण्यात रेती. चकत्यांवर चरे पडतात, क्षार बसतो आणि नळ ठिबकू लागतो. अशा वेळी अख्खा नळ फेकण्याचे कारण नाही. आधी वरून येणारे पाणी बंद करावे आणि तोटी उघडून उरलेले काढून टाकावे. मुठीवरची टोपी काढून आतला स्क्रू सोडवावा, मूठ उचलावी, पान्याने कार्ट्रिज सैल करून बाहेर घ्यावे. जुने कार्ट्रिज दुकानात बरोबर न्यावे, कारण प्रत्येकाचे माप निराळे. बसवण्यापूर्वी आतली रेती पुसून काढावी, आटे आधी हातानेच फिरवावेत, मग पान्याने बेताने आवळावेत. शेवटी पाणी हळूहळू सोडून पाहावे.

शिक्षकबंधूंनी आणि भगिनींनी मुलांना एक हिशोब घालावा. सेकंदाला एक थेंब, तर दिवसाचे ८६,४०० थेंब. वीस थेंबांचा एक मिलिलीटर धरला तर दिवसाला सव्वाचार लिटरांहून जास्त, वर्षाला सुमारे १,५७० लिटर. जल जीवन मिशनने माणशी दिवसाला ५५ लिटर पाणी धरले आहे. म्हणजे एका ठिबकत्या नळापायी एका माणसाचे चार आठवड्यांचे पाणी मोरीत जाते. एप्रिल २०१६ मध्ये शेजारच्या लातूरला मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले, हे आपण पाहिलेच आहे.

आणि ज्या नळाला तोटीच नाही, चिंधी किंवा लाकडाची खुंटी कोंबलेली आहे, त्याचा हिशोब कोण करणार? पाणी येते तेव्हा ते रस्त्यावर वाहते आणि वरच्या आळीच्या घागरी रिकाम्या राहतात. नळदुर्गचा बंधारा बांधायला सुलतान लागला. तोटी बदलायला एक पाना आणि घरचे एक माणूस पुरते. हा अंक खाली ठेवल्यावर आपल्या घरचा, शाळेचा नळ एकदा पाहून यावा, एवढीच विनंती करून आपली रजा घेतो.