बर्फ, मीठ आणि दांडा

बोरी बुद्रुक हे जुन्नर तालुक्यातले कुकडीकाठचे गाव. पुरातत्त्वाचे अभ्यासक ते ओळखतात ते नदीच्या दरडीत सापडलेल्या ज्वालामुखीच्या राखेमुळे. ही राख इंडोनेशियातील टोबा ज्वालामुखीची मानतात. ती पाऊण लाख वर्षांपूर्वीच्या उद्रेकाची की त्याहून कितीतरी जुनी, यावर पंडितांत वाद आहे, आणि त्यात बोलण्याचा माझा अधिकार नाही. मला त्या राखेची गोष्ट आवडते ती एवढ्यासाठी की, समुद्रापलीकडची वस्तू आपल्या नदीकाठी येऊन बसली आणि तिच्यावरून माणसे पिढ्यान्‌पिढ्या चालत राहिली. आज समुद्रापलीकडून आलेल्या अशाच दुसऱ्या एका वस्तूची हकीकत सांगावयाची आहे. ती वस्तू म्हणजे बर्फ, आणि त्या बर्फाच्या आधाराने आपण घरी आंब्याचे, सीताफळाचे जे आइस्क्रीम करतो ते.

विषय कळल्यावर काही स्नेही हसले. कामगार चळवळीतला माणूस आणि आइस्क्रीमवर व्याख्यान! पण कोणत्याही जिनसेचा इतिहास पाहू लागले की दोन प्रश्न समोर येतात. ती केली कोणी? आणि खाल्ली कोणी? हे दोन प्रश्न विचारण्यातच माझी हयात गेली. म्हणून विषय बदलला तरी माणूस बदललेला नाही, हे आरंभीच कबूल करतो.

बोरी हे माझे आजोळ. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. त्यांत माझे मामा होते. उन्हाळ्यात ते गावी परतले तेव्हा त्यांच्याबरोबर एक ट्रंक, एक वळकटी आणि चोरबाजारात घेतलेले आइस्क्रीमचे पॉट होते. लाकडी बादली, तिच्या मधोमध कल्हईचा डबा, डब्यात लाकडी पाती, आणि वर दातेरी चाकांना जोडलेला लोखंडी दांडा. संप लांबला तर लग्नसराईत हे भाड्याने देता येईल, असा त्यांचा हिशेब होता. मी तेव्हा बारा वर्षांचा होतो. नारायणगावच्या बाजारातून गोणपाटात भुसा घालून बांधलेला बर्फ सायकलवर आणावयाचा, ही माझी नेमणूक झाली. घरी पोचेपर्यंत गोणपाटातून पाणी गळत असे आणि आजी म्हणे, "निम्मे पैसे रस्त्याला पाजलेस."

या बादलीत घडते काय, ते आधी समजून घेऊ. नुसत्या बर्फात दुधाचा डबा ठेवला तर दूध गार होते, पण गोठत नाही; साखर मिसळलेले दूध गोठावयास शून्याखाली दोन-तीन अंश तरी जावे लागते. बर्फावर खडे मीठ टाकले की बर्फ झपाट्याने वितळू लागतो. एक ग्रॅम बर्फाला वितळावयास सुमारे ८० कॅलरी उष्णता लागते, आणि ती उष्णता तो शेजारच्या डब्यातून ओढून घेतो. तीन भाग बर्फाला एक भाग मीठ घातले तर ते मिश्रण शून्याखाली २१ अंश सेल्सिअसपर्यंत जाऊ शकते. घरी इतक्याची गरज नसते. पाच-सहा भाग बर्फाला एक भाग मीठ पुरते. बादली लाकडाची, कारण लाकूड बाहेरची उष्णता आत येऊ देत नाही. डबा धातूचा, कारण धातू आतली उष्णता बाहेर सोडतो. आणि दांडा सतत फिरवावयाचा, कारण दूध स्वस्थ बसले तर त्याचे मोठमोठे खडे होतात. फिरत राहिले तर कण बारीक राहतात, थोडी हवा मिसळते आणि जिभेवर मऊपणा येतो. हाताने फिरविण्याच्या अशा यंत्राचे पेटंट अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सन या बाईंनी १८४३ साली घेतले. मामांच्या पॉटाची घडण हीच.

म्हणजे आइस्क्रीमला फळ आणि दूध यांखेरीज तीन गोष्टी हव्यात : बर्फ, मीठ आणि दांडा फिरविणारा हात. या तिन्हींचा इतिहास निरनिराळा आहे.

आधी बर्फ. आपल्या सपाट मुलखात तो पडत नाही. अबुल फज़लने 'आईन-इ-अकबरी'त लिहून ठेवले आहे की बादशहाचे पाणी सोऱ्याच्या द्रावणात सुरई फिरवून गार करीत. पुढे दरबार लाहोरला गेल्यावर डोंगरातला बर्फ होड्यांतून, गाड्यांतून आणि माणसांच्या डोक्यावरून येऊ लागला. अठराव्या शतकात अलाहाबादेकडे थंडीच्या रात्री उथळ मातीच्या परळांत पाणी भरून ते गवत अंथरलेल्या खड्ड्यांत ठेवीत. आभाळ निरभ्र आणि वारा बेताचा असला तर पहाटे त्यावर पापुद्रा धरे. सूर्य उगवण्यापूर्वी मजुरांनी तो खरवडून काढावयाचा आणि खोल खड्ड्यात ठोकून साठवावयाचा. सर रॉबर्ट बार्कर याने १७७५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीला या रीतीचे वर्णन लिहून पाठविले. बर्फाची चव साहेबाला, आणि पहाटेची थंडी मजुराला, अशी ती वाटणी होती.

पुढचा अध्याय अमेरिकेचा. बोस्टनच्या फ्रेडरिक ट्यूडर या व्यापाऱ्याने तळ्यांवर गोठलेला बर्फ कापून उष्ण देशांना विकण्याचा धंदा काढला. १८३३ साली त्याचे 'टस्कनी' जहाज सुमारे १८० टन बर्फ घेऊन निघाले आणि चार महिन्यांनी कलकत्त्याला पोचले तेव्हा त्यातला सुमारे १०० टन शिल्लक होता. हे साधले ते लाकडाच्या भुशाने. बोरीच्या वाटेवर माझ्या गोणपाटात जो भुसा होता, तीच ती युक्ती. १८३४ साली असा बर्फ मुंबईस उतरला. जमशेटजी जीजीभाईंनी तेव्हा मेजवानीत आइस्क्रीम वाढले आणि यजमान व पाहुणे दोघांनाही पडसे झाले, अशी हकीकत सांगतात. कलकत्ता, मद्रास, मुंबई तिन्ही ठिकाणी बर्फघरे उभी राहिली. मद्रासच्या बर्फघरात पुढे १८९७ साली स्वामी विवेकानंद नऊ दिवस राहिले. ती वास्तू आज विवेकानंदांच्याच नावाने ओळखली जाते.

परंतु तो बर्फ कापला कोणी? हेन्री डेव्हिड थोरो या लेखकाने हे आपल्या डोळ्यांनी पाहिले. १८४६-४७ च्या हिवाळ्यात त्याच्या वॉल्डन तळ्यावर बर्फ कापावयास शंभर आयरिश मजूर मुकादमांसह येत. दिवस चांगला गेला तर हजार टन बर्फ निघे. मद्रास, मुंबई, कलकत्त्याचे लोक आपल्याच तळ्याचे पाणी पिणार, याचे थोरोला कौतुक वाटले, आणि ते त्याने 'वॉल्डन' या पुस्तकात नोंदविले. त्याच सुमारास तिकडे आयर्लंडात बटाट्याचे पीक कुजून भयंकर दुष्काळ पडला होता. मुंबईच्या मेजवानीत चमचा उचलणाऱ्याला त्या शंभर जणांतल्या एकाचेही नाव ठाऊक नव्हते. आणि मुंबई बंदरात भुशासकट तो बर्फ पाठीवरून उतरविणाऱ्या हमालाचे तरी कोणाला ठाऊक होते?

मौज अशी की, ज्या १८३४ साली हा बर्फ मुंबईस आला, त्याच साली लंडनमध्ये जेकब पर्किन्स याने कृत्रिम थंडी निर्माण करण्याच्या यंत्राचे पेटंट घेतले. त्या धंद्याचे मरण त्याच वर्षी लिहिले गेले. १८७४ साली मद्रासेत आणि १८७८ साली कलकत्त्यात यंत्राने बर्फ करणाऱ्या कंपन्या निघाल्या आणि अमेरिकेच्या तळ्यांचा व्यापार हळूहळू आटला.

आता मीठ. बर्फ परक्याच्या तळ्यातला, तर मीठ आपल्या समुद्राचे. पण त्यावर सरकारचा कर. गरिबाला भाकरीवरचे मीठ मोजून घ्यावे लागे, तेथे ते मूठमूठ बर्फावर कोण फेकणार? ६ एप्रिल १९३० रोजी गांधीजींनी दांडीला मीठ उचलले. मे महिन्यात आपल्याकडे शिरोड्याला आणि वडाळ्याला सत्याग्रहींनी लाठ्या खाल्ल्या. १९४७ साली तो कर उठला. त्या मिठागरांत उन्हात पाय भाजत मीठ ओढणारा आगरी मजूर मात्र कर उठल्यावरही उन्हातच राहिला. आइस्क्रीमच्या बादलीत मीठ वितळून दिसेनासे होते. तसाच मिठाचा मजूरही आपल्याला दिसत नाही.

यंत्राचा बर्फ आला तेव्हा थंडी शहरातून गावाकडे सरकू लागली. बर्फाच्या कारखान्यातही गंमत तीच आहे : अमोनियाने गार केलेल्या मिठाच्या पाण्याच्या हौदात पाण्याचे उभे डबे बुडवितात. एक मोठी लादी निघते ती सव्वाशे-दीडशे किलोची. ती आकड्याने ओढणारा कामगार पुष्कळदा हातमोज्यांशिवाय उभा असतो, आणि अमोनिया गळला तर पहिला श्वास त्याचाच अडकतो. या लादीचे तुकडे बाजारगावी आले, आणि त्यांच्या मागोमाग सायकलवर पेटी बांधून 'गारेगार' आला. ओरडणाऱ्याची हाळी हेच मालाचे नाव झाले! शेताच्या बांधावर वाटीभर बाजरी किंवा मोडकी चप्पल देऊन आम्ही तो घेत असू. रंगीत, गोड पाण्याचा तो कांडा; पण साहेबाच्या मेजवानीतली थंडी प्रथमच रोजंदारीवरच्या बाईच्या पोराच्या हातात आली, हे विसरता कामा नये.

भारतात तयार झालेले पहिले फ्रिज गोदरेजने १९५८ साली आणले. ते खेड्यातल्या ओसरीपर्यंत यावयास कितीतरी वर्षे लागली. आज ते आले आहे, आणि पॉट नसले तरी अडत नाही. म्हणून भगिनींना (आणि बंधूंनाही, कारण हे काम त्यांना न जमण्यासारखे नाही) चार अनुभवाच्या गोष्टी सांगतो. आंब्यासाठी दूध आटवून पूर्ण गार होऊ द्यावे, मगच रस घालावा. कोमट दुधात आंबट रस पडला की दूध फाटते. सीताफळाचा गर कधी शिजवू नये, कडवटपणा येतो. बिया काढून तो गार दुधातच मिसळावा. जांभळाला दूध नकोच. गर, साखर आणि चिमूटभर मीठ कालवून पेल्यांत भरावे आणि अर्धवट गोठल्यावर काडी खोचावी. पिकलेली केळी कापून गोठवावीत आणि तशीच वाटावीत. केळ्याच्या अंगचा मऊपणा सायीचे काम करतो. पॉट नसेल तर फ्रिजमधले भांडे दर तासाला काढून चांगले घोटावे, म्हणजे दांड्याचे काम रवी करील. गोडी किंचित जास्त ठेवावी, कारण गार जिभेला गोड कमी लागते. बाजारचा बर्फ पोटात घालण्यापूर्वी मात्र पाहून घ्यावा. खाण्यासाठी नसलेल्या बर्फात निळा रंग घालण्याचा नियम महाराष्ट्रात २०१८ साली आला, तो याचसाठी. तसला बर्फ डब्याच्या बाहेर चालेल, पेल्यात नाही.

बोरीचे आमचे पहिले आइस्क्रीम खारट झाले होते. झाकणाच्या फटीतून मिठाचे पाणी आत गेले. मामांनी एक चमचा चाखला, क्षणभर थांबले आणि म्हणाले, "खा. गिरणीत पहिल्या दिवशी माझाही धागा तुटला होता." आम्ही ते सगळे खाल्ले. पुढे बादलीतल्या पाण्याची रेघ झाकणाच्या खाली ठेवावयाची हे कळले आणि आंब्याचे आइस्क्रीम चांगले उतरू लागले.

त्याच मोसमात एका लग्नघरी आम्ही पॉट घेऊन गेलो. ते घर कोणाचे, हे सांगावयाचे कारण नाही. मामांनी आणि मी आळीपाळीने दुपारभर दांडा फिरविला. खांदे भरून आले. पंगती उठल्या, डबा रिकामा झाला. भाडे मिळाले, पण 'तुम्ही खाल्लेत का?' हे कोणी विचारले नाही. घरी येताना मामांनी पाती काढून माझ्या हाती दिली. तिला जे चिकटले होते ते मी चाटीत चाटीत आलो. आजतागायत तसे आइस्क्रीम मी खाल्लेले नाही. आणि मामांनी त्यातले बोटभरही घेतले नाही, हे मला फार उशिरा ध्यानात आले.

मामा पुन्हा गिरणीत गेले नाहीत. पुष्कळांना परत घेतलेच नाही. पॉट मात्र अजून आजोळी आहे. बादलीच्या फळ्या बदलल्या, दातेरी चाकांना दर उन्हाळ्यात तेल लागते. उन्हाळ्यात भाचरे-नातवंडे जमली की ते अंगणात येते. मामांनी त्याच वर्षी घालून दिलेला नियम आम्ही मोडलेला नाही : पहिली वाटी दांडा फिरविणाराची. मग वडीलधारे, मग पाहुणे, मग बाकीचे. मोठमोठ्या परिषदांत मी बसलो, करारांवर सह्या केल्या, ठराव मांडले. त्या सर्वांत मी मागितले ते याहून निराळे नव्हते. येत्या आठवड्यात आंबा उतरेल. आपल्या घरी आइस्क्रीम होईल तेव्हा ज्या हातांनी बर्फ आणला, फोडला, घोटला, त्या हातांत पहिली वाटी ठेवून पाहा.