वेताळ

वेताळ : भूतगणांचा अधिपती मानला जाणारा ग्रामदेव. पुराणांत शिवगण, संस्कृत कथांत परक्या प्रेतात शिरून बोलणारे पिशाच. इंग्रजी लेखनात त्याला ‘व्हॅम्पायर’ म्हटले गेले आणि रक्तपिपासू ही ओळख त्याला चिकटली. मराठी लोकश्रद्धेतला वेताळ मात्र शिवेचा राखणदार आहे.

लोकदैवत : वेताळाचे ठाणे बहुधा गावकुसाबाहेर, शिवेवर किंवा टेकडीवर असते. शेंदूर माखलेला तांदळा, म्हणजे अनघड दगड, हीच अनेक ठिकाणी त्याची मूर्ती. भोवती रिंगणाने मांडलेले लहान धोंडे हे त्याचे गण. अमावास्येच्या रात्री पेटते पलिते घेऊन त्याची स्वारी निघते, असा समज आहे. वेंगुर्ले तालुक्यातील आरवलीत तो ‘वेतोबा’ होतो. रात्रभर गावाभोवती फिरून त्याच्या वहाणा झिजतात, म्हणून भक्त त्याला मोठाल्या वहाणा आणि केळ्यांचे घड वाहतात. गोव्यात आमोणे व लोलये येथील वेताळ प्रसिद्ध आहेत. पुण्यातील वेताळ टेकडीचे नावही तिच्यावरील देवस्थानावरून पडले.

कथापरंपरा : सोमदेवाने अकराव्या शतकात काश्मीरमध्ये रचलेल्या ‘कथासरित्सागरा’त वेताळाच्या पंचवीस कथा आहेत. त्यांचा नायक त्रिविक्रमसेन हा गोदाकाठच्या प्रतिष्ठानचा, म्हणजे पैठणचा राजा. एका भिक्षूसाठी तो स्मशानातल्या झाडावरचे प्रेत खांद्यावरून आणू लागतो. प्रेतातला वेताळ वाटेत कोडे घालतो आणि राजाने उत्तर देताच झाडावर परततो. शेवटच्या प्रश्नावर राजा निरुत्तर होतो. त्याचे धैर्य पाहून प्रसन्न झालेला वेताळ भिक्षूचा कपटी बेत सांगून राजाचे प्राण वाचवतो. या कथा मराठीत सदाशिव काशीनाथ छत्रे यांनी ‘वेताळपंचविशी’ या नावाने आणल्या.

वेताळ आणि व्हॅम्पायर : व्हॅम्पायर हा शब्द स्लाव्ह भाषांतून आला. पुरलेली माणसे रात्री उठून जिवंतांना मारतात, अशा सर्बियातील खेडुतांच्या तक्रारींची ऑस्ट्रियन अधिकाऱ्यांनी १७२५ व १७३२ मध्ये चौकशी केली. तिचे वृत्तांत छापले गेले आणि शब्द युरोपभर पसरला. जॉन पॉलिडोरीची ‘द व्हॅम्पायर’ (१८१९) आणि ब्रॅम स्टोकरची ‘ड्रॅक्युला’ (१८९७) यांनी व्हॅम्पायरला उमरावी रूप दिले. दरम्यान १८७० मध्ये रिचर्ड बर्टनने वेताळकथांचे स्वैर रूपांतर ‘विक्रम अँड द व्हॅम्पायर’ या नावाने प्रसिद्ध केले.

ही जोडी फसवी आहे. व्हॅम्पायर म्हणजे स्वतःच्याच देहाने थडग्यातून उठलेला मृत. रक्त हे त्याचे अन्न. वेताळ मेलेला माणूस नव्हे. प्रेत ही त्याची तात्पुरती वस्ती. दोघांना जोडणारे धागे म्हणजे मृतदेह आणि रात्र. युरोपीय घाटाचा रक्तपिपासू मराठीत आला तो भयकथेतून. नारायण धारप यांची ‘लुचाई’ हे त्याचे ठळक उदाहरण. आरवलीच्या वेतोबाला ‘व्हॅम्पायर’ हे नाव लावले, तर ज्याच्या भरवशावर गाव निर्धास्त झोपते त्यालाच गावाचा वैरी ठरवल्यासारखे होईल.