इंचिक्विनच्या फितुरीचा हिशेब

मरो ओब्रायन, इंचिक्विनचा पहिला अर्ल (१६१४–१६७४), याच्याविषयी आयर्लंडच्या लोकस्मृतीत चांगला शब्द सापडत नाही. ‘जाळपोळीचा मरो’ याच नावानं तो तिथं ओळखला जातो. इंग्लंडच्या यादवीत राजाकडून पार्लमेंटकडे, पार्लमेंटकडून पुन्हा राजाकडे आणि परागंदा झाल्यावर प्रॉटेस्टंट पंथातून कॅथलिक पंथात, असा प्रवास केलेल्या माणसावर वारा वाहील तशी पाठ फिरवणारा असा शिक्का बसला तर नवल नाही. पण त्याच्या बाजूबदलांच्या तारखा आणि त्या त्या वेळी त्याच्या शिबंदीची असलेली दशा शेजारी मांडली, तर वेगळंच दिसतं. धनी बदलत गेले. कॉर्क, यॉल, किन्सेल ही मन्स्टरची बंदरं आणि तिथली प्रॉटेस्टंट फौज हातची जाऊ द्यायची नाही, हा हेतू मात्र कायम राहिला.

तो मध्ययुगीन आयरिश राजा ब्रायन बोरूच्या वंशातला, पण वाढला प्रॉटेस्टंट म्हणून. सासरे सर विल्यम सेंट लेजर मन्स्टरचे लॉर्ड प्रेसिडेंट, म्हणजे प्रांताचे लष्करी आणि मुलकी कारभारी. आयरिश कॅथलिकांच्या १६४१ च्या उठावानंतर वर्षभरातच ते वारले आणि पगार थकलेली, दाणागोट्याला महाग झालेली फौज जावयाच्या गळ्यात पडली. १६४३ मध्ये राजा पहिल्या चार्ल्सनं उठाव करणाऱ्यांच्या कॅथलिक संघाशी युद्धतहकुबी केली. मरोनं ती मानली, राजाच्या मदतीला माणसंही धाडली आणि १६४४ च्या आरंभी ऑक्सफर्डला जाऊन सासऱ्यांचं पद मागितलं. राजानं ते अर्ल ऑफ पोर्टलंडला देऊन टाकलं होतं. जुलैत मरो पार्लमेंटकडे गेला आणि तिथं त्याला ते पद मिळालं. हा शुद्ध मानापमानाचा रुसवा होता, असं कुणी म्हणेल. रुसवा होताच. पण एकट्याच्या रागापायी सगळी ठाणी फिरत नाहीत. समुद्र पार्लमेंटच्या आरमाराच्या ताब्यात होता, बंदरांना रसद पोहोचवणं त्यालाच शक्य होतं आणि मरोचे अधिकारी त्याच्यासोबत होते. १६४७ च्या नोव्हेंबरात नॉकनानसची मोठी लढाई जिंकूनही पार्लमेंटकडून रसद-पगार नीट येईना, वर ब्रॉगहिलसारखे प्रतिस्पर्धी लंडनमध्ये त्याच्याविरुद्ध कान भरत होते. १६४८ च्या एप्रिलमध्ये तो पुन्हा राजाचा झाला. मात्र पार्लमेंटचा सेनापती क्रॉमवेल आयर्लंडात उतरल्यावर, १६४९ च्या ऑक्टोबरात, कॉर्कच्या शिबंदीनं बंड करून शहर क्रॉमवेलला दिलं. जिच्या जोरावर मरोनं दोनदा पारडं फिरवलं होतं, ती फौज कॅथलिकांशी हातमिळवणी केलेल्या मरोसाठी लढायला तयार नव्हती.

यातलं काहीही कॅशेल गावातल्या कत्तलीला लागू होत नाही. १६४७ च्या सप्टेंबरात त्याच्या सैन्यानं तिथल्या खडकावरच्या चर्चवर हल्ला केला. शिबंदीनं शरणागतीची अट नाकारली होती. आत आसऱ्याला आलेले नागरिक आणि धर्मगुरू सैनिकांबरोबरच शेकड्यांनी कापले गेले. त्यांत थिओबाल्ड स्टेपलटन होता, १६३९ मध्ये ब्रसेल्सला आयरिश भाषेतली धर्मशिकवण छापून घेणारा पाद्री. वेढ्यांत असं होतच असे, ही सबब पुरी पडत नाही. शिबंदीला धाक बसवण्याचं गणित तिथं होतं, आणि ते त्यानं थंड डोक्यानं मांडलं होतं.

धर्मांतराचं काय? संधिसाधूपणाचा आरोप इथं सर्वांत कच्चा पडतो. राजसत्ता पुन्हा प्रस्थापित झाल्यावर चार्ल्स दुसऱ्यानं त्याची जमीन परत केली, नुकसानभरपाईही दिली. पण मन्स्टरचं प्रेसिडेंटपद मिळालं ते जुना वैरी ब्रॉगहिलला, आता ऑररीचा अर्ल झालेल्याला. कॅथलिकाला ते मिळणं शक्यच नव्हतं. प्रॉटेस्टंट पत्नीशी मुलाच्या ताब्यावरून कडवट भांडणही याच धर्मांतरानं लावून दिलं. १६६२ मध्ये मरोला पोर्तुगालला फौज घेऊन पाठवलं गेलं, चार्ल्सच्या ज्या विवाहतहात मुंबई इंग्रजांना मिळाली त्याच्याच कलमांपैकी एक पाळण्यासाठी. स्पॅनिशांनी लढाई टाळली आणि तो परत आला. ज्या पदासाठी त्यानं राजाची साथ सोडली होती, ते त्याला पुन्हा कधी मिळालं नाही.