मंगोल : नाव गमावलेल्या आणि नाव परत मिळविलेल्या लोकांचा इतिहास



आपल्या विहारात रविवारी मुलांचा धम्मवर्ग भरतो. मागे एकदा वर्गातल्या एका मुलाने आम्हाला विचारले, "काका, चंगीझ खान मुसलमान होता ना? मग मंगोलियात बौद्ध कसे?" पोराचा प्रश्न साधा होता, पण आम्ही गप्प झालो. शाळेत आम्ही मोगल शिकलो, बाबर शिकलो. मंगोल म्हणजे कोण हे कुणी सांगितले नव्हते. आम्ही काही प्राध्यापक नाही. गिरणीची पाळी सुटल्यावर वाचनालयात बसून जे गोळा केले, तेच या स्मरणिकेत मांडत आहोत.

पहिले उत्तर असे, की चंगीझ खान मुसलमान नव्हता आणि बौद्धही नव्हता. 'खान' ही गवताळ मुलखातल्या टोळीप्रमुखाची जुनी पदवी आहे, ती धर्माची खूण नव्हे. चंगीझ 'सनातन निळ्या आकाशा'ला मानणारा होता. त्याचे मूळ नाव तेमुजिन. जन्म ११६२ च्या सुमारास. बाप शत्रूने विष घालून मारला, तेव्हा भाऊबंदांनी आई आणि लेकरांना माळावर टाकून दिले. कंदमुळे खाऊन ती जगली. पुढे याच पोराने केराइत, नैमान, मर्किद अशा एकमेकांचे गळे कापणाऱ्या टोळ्या एक केल्या. १२०६ मध्ये ओनोन नदीच्या काठी सर्वांनी त्याला 'चंगीझ खान' म्हटले आणि त्या सर्वांचे मिळून एकच नाव झाले : मंगोल.

त्याने फौज दहा, शंभर, हजार, दहा हजार अशा तुकड्यांत बांधली आणि जुन्या टोळ्या त्यांत मिसळून टाकल्या. कोण कुणाच्या पोटी जन्मला यापेक्षा कोण काय करतो हे पाहून त्याने अनेकांना सरदार केले. स्वतः निरक्षर असून त्याने उइगुर लिपी आणवून आपल्या भाषेला अक्षरे दिली. पण आम्ही त्याचे पोवाडे गात नाही. बुखारा, समरकंद ही शहरे त्याने उद्ध्वस्त केली, आणि १२५८ मध्ये त्याच्या नातवाने, हुलागूने, बगदादची कत्तल केली. हे विसरून इतिहास सांगता येत नाही.

या लोकांना दुसऱ्यांनी काय काय नावे ठेवली तेही पाहा. युरोपने त्यांना 'तार्तर' म्हटले, कारण त्यांच्या जुन्या ग्रंथांत नरकाचे नाव तार्तरस होते. इराणी लोकांनी 'मुघल' केले. बाबर बापाकडून तैमूरचा आणि आईकडून चंगीझचा वंशज, म्हणून आपल्याकडे तेच नाव 'मोगल' होऊन आले. १८६६ मध्ये तर एका इंग्रज डॉक्टरने जन्मतः मतिमंद असणाऱ्या काही मुलांना 'मंगोल' म्हणायला सुरुवात केली. एका अख्ख्या जमातीचे नाव दवाखान्यातली शिवी झाले! शेवटी १९६५ मध्ये मंगोलियाच्या प्रतिनिधींनी जागतिक आरोग्य संघटनेला सांगितले, की आमचे नाव असे वापरू नका. ज्यांच्या बापजाद्यांची नावे गावाने शिवी म्हणून वापरली, त्या आपल्या लोकांना हे दुःख वेगळे समजावून सांगायला नको.

त्यांचा मुलूख

आजचा मंगोलिया देश आपल्या महाराष्ट्राच्या पाचपट मोठा, पण माणसे अवघी पस्तीस लाखांच्या आसपास. दक्षिणेला गोबीचे वाळवंट, पश्चिमेला अल्ताई पर्वत, मध्ये नुसता गवताचा माळ. हिवाळ्यात थंडी शून्याखाली तीस-चाळीस अंश. घोडा, मेंढी, बकरी, उंट आणि गाय-याक ही पाच जनावरे म्हणजे त्यांचा संसार. घर म्हणजे 'गेर', लाकडी सांगाड्यावर बुरणुसाचे जाड आच्छादन घातलेला गोल तंबू. हे कापड विणत नाहीत. माग नाही, धोटा नाही. मेंढीची लोकर बडवायची, भिजवायची, गुंडाळी करून घोड्यामागे ओढायची. आम्हा गिरणीवाल्यांना त्याचे मोठे नवल वाटले. गेरचे दार दक्षिणेला आणि समोर उत्तरेच्या बाजूला देव्हारा.

पण सगळे मंगोल या देशात नाहीत. चीनमधल्या अंतर्मंगोलियात चाळीस लाखांवर मंगोल आहेत. बैकल सरोवराजवळचे बुर्यात आणि कास्पियन समुद्राजवळचे काल्मिक हेही मंगोलच, ते आज रशियात आहेत. १९४३ च्या डिसेंबरात स्टालिनने साऱ्या काल्मिक लोकांना, बायकापोरांसह, गुरांच्या डब्यांत कोंबून सायबेरियात धाडले. वाचले त्यांना परत यायला १९५७ उजाडले.

धम्म कसा आला

चंगीझचा नातू कुबलाई खान याने तिबेटच्या फाग्पा लामाला गुरू केले. पण सामान्य गुराख्यापर्यंत धम्म पोचला तो नंतर. १५७८ मध्ये अल्तन खानाने सोनम ग्यात्सो या तिबेटी भिक्खूला 'दलाई लामा' ही पदवी दिली. 'दलाई' हा मंगोल शब्द आहे, त्याचा अर्थ समुद्र. पुढचा, म्हणजे चौथा दलाई लामा मंगोल घरातच जन्मला.

सतराव्या शतकात झनाबझार नावाचा थोर भिक्खू आणि मूर्तिकार होऊन गेला. झनाबझार म्हणजे आपला 'ज्ञानवज्र'. त्याने १६८६ मध्ये एक लिपी तयार केली, तिचे नाव 'सोयोंबो', म्हणजे 'स्वयंभू'. त्या लिपीतले चिन्ह आज त्यांच्या राष्ट्रध्वजावर आहे. रत्नाला ते 'एर्देने' म्हणतात, तेही 'रत्न'च. वारांची जुनी नावे ऐका : आदिया, सुमिया, अंगारग, बुद. वाचताना आम्हाला वाटले, हे तर आपल्याच ओसरीवरचे बोलणे!

पण खरे ते सांगितले पाहिजे. पुढे मठ श्रीमंत झाले. विसाव्या शतकाच्या आरंभी मंगोलियात सातशेवर मठ होते. पुरुषांपैकी फार मोठा हिस्सा लामा होता, मठांच्या मालकीचे कळप होते आणि मठांना बांधलेली हजारो कुळे राबत होती. तथागताचा धम्म गरिबाच्या डोक्यावरचे ओझे झाला होता. म्हणून १९२१ ची क्रांती झाली तेव्हा अनेक गरिबांना ती आपली वाटली. बाबासाहेबांनी भिक्खूने समाजाची सेवा करावी असा आग्रह का धरला, ते इथे कळते.

नाव, लिपी, विहार : सगळे गेले

पण जुलमाला उत्तर म्हणून दुसरा जुलूम आला. १९२५ मध्ये कुळाची नावे लावण्यावर बंदी आली. १९३७ ते १९३९ या काळात, स्टालिनच्या हुकमाने आणि चोइबाल्सनच्या हाताने, सुमारे सतरा हजार लामा मारले गेले. जवळजवळ सगळे मठ पाडले. राजधानीतल्या गंदन विहारातली अवलोकितेश्वराची प्रचंड मूर्ती काढून नेली. १९४१ मध्ये जुनी उभी लिपी टाकून रशियन लिपी घेण्याचे ठरले. १९६२ मध्ये चंगीझची आठशेवी जयंती साजरी करणाऱ्या पुढाऱ्याला पदावरून काढले. एका पिढीत नाव गेले, अक्षर गेले, विहार गेला.

मग राहिले काय? गोबीतल्या खामर मठाची गोष्ट सांगतो. तिथे दानझनरावजा (१८०३-१८५६) हा कवी आणि नाटककार लामा होऊन गेला. तो गरीब घरचा. त्याने नाटकशाळा काढली, मुलांसाठी शाळा काढली. त्याच्या वस्तूंची राखण एका घराण्याकडे पिढ्यान्पिढ्या होती. १९३८ मध्ये मठ पाडायला माणसे येणार हे कळल्यावर तुदेव नावाच्या राखणदाराने ग्रंथ, वस्त्रे, मूर्ती भरलेल्या ६४ पेट्या वाळवंटात पुरल्या. पेट्या कुठे आहेत ते त्याने आपल्या नातवाला, अल्तनगेरेलला, शिकवून ठेवले. ना नकाशा, ना कागद, सगळे डोक्यात. पन्नास वर्षे हे घराणे गप्प राहिले. राज्य बदलले तेव्हा नातवाने पेट्या उकरायला सुरुवात केली आणि साइनशांद गावी संग्रहालय उभे केले.

परत मिळविले

१९९० च्या मार्चमध्ये उलानबातरच्या चौकात तरुण उपोषणाला बसले. रक्त न सांडता सत्ताधारी पुढाऱ्यांनी राजीनामे दिले. लोकांनी कुळाची नावे पुन्हा लावली. खूप जणांनी चंगीझचे 'बोर्जिगिन' घेतले. १९८१ मध्ये अंतराळात गेलेल्या गुर्रागचा यांनी मात्र स्वतःचे नवे कुलनाम घेतले : 'संसार'. मंगोल भाषेत त्याचा अर्थ अंतराळ, आणि शब्द आपल्याकडून गेलेला! लोकांनी वर्गणी काढून गंदनची मूर्ती पुन्हा उभी केली, १९९६ मध्ये. २०२५ पासून सरकारी कागदांवर जुनी उभी लिपीही आली.

यात भारताचा वाटा आहे. आपले राजदूत म्हणून १९९० ते २००० अशी दहा वर्षे लडाखचे भिक्खू कुशोक बकुला रिनपोछे तिथे होते. त्यांनी विहार उभारला, तरुणांना पुन्हा चीवर दिले. मंगोल भाषेतल्या कंजूर या ग्रंथाचे १०८ खंड १९७० च्या दशकात लोकेशचंद्र यांनी भारतातच छापले होते. २०२२ मध्ये कपिलवस्तूचे बुद्धधातू दर्शनासाठी गंदनला नेले गेले.

पण सगळे गोड झाले असे नाही. २०२० मध्ये अंतर्मंगोलियाच्या शाळांतून काही विषय मंगोलऐवजी चिनी भाषेत शिकवायचे ठरले, तेव्हा आईबापांनी पोरांना शाळेतून घरी आणले. लढा चालू आहे.

बंधु-भगिनींनो, १९७८ ते १९९४ अशी सोळा वर्षे आपण एका विद्यापीठाच्या नावासाठी झगडलो. माणसे मेली, घरे जळाली. लोक म्हणायचे, नावात काय आहे? मंगोलांना विचारा. दगडाचा विहार पाडता येतो, पण घरात आजीने नातवाला सांगितलेले पाडता येत नाही. आणि विहार गरिबाच्या कामी येत नसेल, तर तो पडताना वाचवायला गरीब येत नाही. मंगोलांनी हे दोन्ही धडे रक्त देऊन शिकले.

आपल्या विहाराचा वर्धापनदिन साजरा करताना आपण एवढेच स्वतःला विचारू : आपल्या घरात तुदेव कोण आहे, आणि त्याच्याकडून ऐकायला नातू बसतो की नाही? त्या मुलाला आमचे उत्तर हेच.

नमो बुद्धाय! जयभीम!