बोलण्याआधीचे बोलणे

भगिनींनो, घरात रांगते मूल असले म्हणजे घराला वेगळीच भाषा येते. पाहुणा निघाला की ते हात हलवते. देवापुढे नेले की तळवे जोडते. नको असलेला घास पुढे आला की मान फिरवते, आणि हवे ते उंच फळीवर असले तर त्याकडे बोट करून "अं, अं" करते. "अजून बोलत नाही हो," असे आपण शेजारणीला सांगतो. पण ते तर सकाळपासून बोलतच असते!

या पहिल्या वर्षांकडे शिक्षणाच्या दृष्टीने पाहण्याच्या इतिहासात आपल्या जिल्ह्याचाही वाटा आहे. वर्धापनदिनी त्याचे स्मरण करावेसे वाटते.

ऑक्टोबर 1937 मध्ये वर्ध्यास शिक्षणपरिषद भरली आणि त्यातून नयी तालीम उभी राहिली. ती योजना 7 ते 14 वर्षांच्या मुलांसाठी होती. त्यापूर्वीची वर्षे घराकडेच राहिली. गांधीजी 1944 मध्ये कारावासातून सुटले, आणि जानेवारी 1945 च्या सेवाग्राम परिषदेपासून नयी तालीम जन्मभराची मानली गेली. मुलाचे शिक्षण आईच्या पोटात असल्यापासूनच सुरू होते, असे त्यांचे म्हणणे होते. मग पहिली शिक्षिका आईच ठरली, आणि आईचे आरोग्य व शिक्षण हेही शाळेचेच काम झाले. सेवाग्रामात शांता नारुलकर यांनी पूर्वबुनियादीचे काम केले ते याच विचारावर.

त्याच 1945 साली ताराबाई मोडक यांनी ठाणे जिल्ह्यात बोर्डी येथे खेड्यातील मुलांसाठी बालवाडी सुरू केली. गिजुभाई बधेका यांच्यासह भावनगरला त्यांनी काम केलेले होते. 1957 मध्ये त्यांचे व अनुताई वाघ यांचे काम कोसबाडच्या टेकडीवर गेले. मुले शाळेत येत नाहीत, तर शाळाच त्यांच्या अंगणात न्यावी, या विचारातून अंगणवाडी आली. ते नाव आज गावोगाव ओळखीचे आहे. या मंडळींनी तान्ह्यांच्या खुणांवर ग्रंथ लिहिले असे नव्हे. परंतु मूल आधी हाताने शिकते, ही त्यांची खात्री होती.

तो हात काय सांगतो, याचा अभ्यास पुढे झाला. 1975 साली एलिझाबेथ बेट्स या विदुषीने दोन इटालियन सहकारिणींसह तान्ह्यांच्या खुणांविषयी निबंध प्रसिद्ध केला. बोट दाखवण्याचे दोन प्रकार त्यांनी वेगळे केले. एक "मला ते दे" असे मागणारे, आणि दुसरे "ते बघ!" असे केवळ दाखवणारे. दुसरे मोलाचे, कारण त्यात मुलाला वस्तू नको असते, आपली सोबत हवी असते. साधारण नऊ महिने ते वर्ष या काळात हे बोट उठू लागते. पुढे मूल "चिऊ" म्हणत खिडकीकडे बोट करते. एक शब्द आणि एक खूण मिळून त्याचे वाक्यच होते.

आपल्या आज्यांनी हे पुस्तकाविना जाणले होते. तळहातावर बोट टेकवायला लावणारा मोराचा खेळ, चांदोबा दाखवणे, टाळ्या, पदराआडचा लपंडाव हे सारे खुणांचेच धडे. हल्ली काही देशांत बाळांना मुद्दाम खुणा शिकवतात. त्याने शब्द लवकर फुटतात, असे ठामपणे सिद्ध झालेले नाही. मुलाने दाखवले तिकडे आपण पाहावे आणि "हो, ती गाय!" असे म्हणावे, हेच खरे.

एका गोष्टीची मात्र हयगय नको. "याचा बापही उशिराच बोलला," असे म्हणून आपण वर्ष-वर्ष वाट पाहतो. मूल वर्ष-सव्वा वर्षाचे होऊनही बोट दाखवत नसेल, हाकेला वळत नसेल, किंवा भांडे पडले तरी दचकत नसेल, तर कान तपासून घ्यावेत. ज्याला ऐकू येत नाही, त्यालाही सांगायचे असतेच. त्याच्या हाताला लवकर भाषा मिळाली, तर ते एकटे पडत नाही.

आपल्या मंडळात कडेवर मूल घेऊन येणाऱ्या भगिनी पुष्कळ आहेत. सभा चालू असता त्या मुलाने बोट केले, तर त्याच्या आईला गप्प बसवू नका. तिला त्या बोटाकडे पाहू द्या. सभेचे काम क्षणभर थांबले तरी चालेल.